टाइम-टर्नर

टाइम-टर्नर हे जे. के. रोलिंग यांच्या हॅरी पॉटर कथाविश्वातील काळात मागे नेणारे जादूचे उपकरण आहे. सोन्याच्या लांब, नाजूक साखळीत ओवलेले वाळूचे इवलेसे घड्याळ असे त्याचे रूप. साखळी गळ्यात घालायची आणि घड्याळ उलटे फिरवायचे. जितके फेरे, तितके तास मागे. दोघांनी जायचे असेल तर एकच साखळी दोघांच्या गळ्यात अडकवली की झाले. मागे गेलेल्या माणसाला पुढे आणणारा उलटा फेरा मात्र नाही. गेलेले तास त्याला पुन्हा जगूनच काढावे लागतात, आणि तेवढा काळ त्याच जगात त्याच्या दोन प्रती वावरत असतात.

हे उपकरण पहिल्यांदा दिसते ते 1999 साली प्रसिद्ध झालेल्या ‘हॅरी पॉटर अँड द प्रिझनर ऑफ अझ्काबान’ या तिसऱ्या पुस्तकात, आणि तेही अगदी शाळकरी कारणासाठी. हॅरीची वर्गमैत्रीण हर्मायनी ग्रेंजर हिने इतके विषय घेतलेले असतात की एकाच वेळी दोन-दोन तास भरतात. तिच्या शिक्षिका प्रा. मॅकगॉनॅगल जादू मंत्रालयाला पत्रांवर पत्रे लिहून तिच्यासाठी एक टाइम-टर्नर मिळवतात. अभ्यासाशिवाय वापरायचा नाही आणि कुणाला सांगायचे नाही, या दोन अटींवर तो तिला मिळतो. वर्षभर हर्मायनी थकलेली, चिडचिडी दिसते, अचानक गायब होते, कुठूनतरी उगवते. वाचकालाही कोडे उलगडत नाही. दिवसाचे तास वाढले, पण झोप वाढली नाही. एकदा तर ती पुस्तकावर डोके ठेवून झोपी जाते आणि तास बुडतो! वर्ष संपताना ती एक विषय सोडते आणि यंत्र परत करते.

खरी कसोटी शेवटच्या रात्री लागते. मध्यरात्रीला पाच मिनिटे असताना मुख्याध्यापक डंबलडोर हॅरी आणि हर्मायनीला तीन फेरे सुचवतात. दोघे नऊच्या सुमारास पोहोचतात, तेही निघाले त्या रुग्णकक्षात नव्हे, तर किल्ल्याच्या प्रवेशदालनात. जागा का बदलली, याचा खुलासा पुस्तक करत नाही. मृत्युदंड सुनावलेला बकबीक हा हिप्पोग्रिफ (अर्धा गरुड, अर्धा घोडा असा प्राणी) आणि कोंडून ठेवलेला हॅरीचा निरपराध धर्मपिता सिरियस ब्लॅक या दोघांना त्यांना सोडवायचे असते, तेही कुणाच्या नजरेस न पडता. भूतकाळात आपल्यालाच समोर पाहून गोंधळलेल्या जादूगारांनी स्वतःलाच मारून टाकल्याची उदाहरणे हर्मायनी त्या वेळी सांगते.

या प्रसंगाची बांधणी मोठी चोख आहे. पहिल्या वेळी मुलांनी कुऱ्हाडीचा घाव ऐकलेला असतो आणि बकबीक मेला असे ते धरून चालतात. दुसऱ्या वेळी कळते की जनावर निसटल्याच्या रागात मारेकऱ्याने ती कुऱ्हाड कुंपणावर हाणली होती. तळ्यापलीकडून डिमेंटरांना, म्हणजे माणसाचा आत्मा शोषणाऱ्या प्राण्यांना, पळवून लावणारी आकृती हॅरीला आपल्या मृत वडिलांची वाटली होती. तो झाडीत लपून त्यांची वाट पाहतो, कुणीच येत नाही, आणि मग ती आकृती आपलीच होती हे त्याच्या ध्यानात येते. थोडक्यात, भूतकाळ इथे बदलत नाही. जे घडले त्यात परत आलेल्यांचा हात आधीपासूनच होता; मुलांना ते फक्त दुसऱ्या बाजूने दिसते. ‘चूक दुरुस्त करणारे यंत्र’ ही टाइम-टर्नरची लोकप्रिय ओळख म्हणूनच मूळ पुस्तकाला धरून नाही. अल्फोन्सो क्वारोन यांच्या 2004 च्या चित्रपटानेही हे सूत्र पाळले आणि भविष्यातल्या हर्मायनीने खिडकीतून दगड मारण्याची नवी जागा त्यात भरली.

असे यंत्र हाताशी असताना मालिकेचा खलनायक व्हॉल्डेमॉर्ट यालाच का अडवले नाही, हा प्रश्न वाचक विचारणारच. काळप्रवासाचा विषय आपण फार सहज हाताळला, अशी कबुली रोलिंग यांनी पुढे दिली. त्यांनी काढलेली वाट सरळ होती: पाचव्या पुस्तकात (2003) मंत्रालयाच्या गूढ विभागातल्या झटापटीत टाइम-टर्नरांचे कपाट कोसळते, फुटते, आपोआप सांधते आणि पुन्हा कोसळते, असे अखंड चालू राहते. मंत्रालयाचा सगळा साठा नष्ट झाल्याचे सहाव्या पुस्तकात कळते.

नंतरच्या लेखनात त्यांनी मर्यादाही आखून दिली: जास्तीत जास्त पाच तास मागे. त्यापलीकडे गेले की काय होते, तेही त्यांनी सांगितले. 1899 मधल्या प्रयोगात एलोइझ मिंटम्बल ही जादूगारीण 1402 सालात पाच दिवस अडकते. परत आणल्यावर तिचे शरीर पाच शतकांनी म्हातारे होते आणि ती मरते. तिच्यामुळे पंचवीस माणसे ‘न जन्मलेली’ ठरतात, पुढचा मंगळवार अडीच दिवस चालतो आणि गुरुवार चार तासांत उरकतो. कोरड्या सरकारी टिपणासारखा हा विनोद मालिकेतल्या उत्तम विनोदांत मोडतो.

2016 मध्ये लंडनच्या रंगभूमीवर आलेल्या ‘हॅरी पॉटर अँड द कर्स्ड चाइल्ड’ या नाटकाने ही मर्यादा मोडली. त्यात वर्षानुवर्षे मागे नेणारा, पण भूतकाळात पाचच मिनिटे टिकू देणारा बेकायदा नमुना आहे. हॅरीचा मुलगा अल्बस आणि हॅरीचा शाळेतला प्रतिस्पर्धी ड्रॅको याचा मुलगा स्कॉर्पियस चौथ्या पुस्तकात मारल्या गेलेल्या सेड्रिक डिगरी या विद्यार्थ्याला वाचवायला तो वापरतात, आणि इथे भूतकाळ खरोखर बदलतो. एका फेरीनंतर तर अल्बस जन्मलेलाच नसतो. तिसऱ्या पुस्तकातल्या चोख गणिताशी हे जुळत नाही, आणि अनेक चाहत्यांना ते आजही खटकते. पाच मिनिटांची अट नसलेला दुसरा टाइम-टर्नर नाटकात ड्रॅको मॅल्फॉयकडे निघतो, वडिलांनी करवून घेतलेला.