कमिंग-ऑफ-एज शॉर्ट फिल्म

वयात येणाऱ्या मुलामुलींना स्वतःबद्दल किंवा घरच्यांबद्दल काहीतरी पहिल्यांदाच कळतं आणि त्यानंतर आधीसारखं वागता येत नाही, अशा गोष्टीवरची छोटी फिल्म. पहिलं प्रेम, बदलणारं शरीर, तुटलेली दोस्ती, आईवडिलांचं पकडलं गेलेलं खोटं हे नेहमीचे विषय. ऑस्करच्या नियमाने क्रेडिट्स धरून 40 मिनिटांपर्यंतची फिल्म शॉर्ट धरतात, पण यातल्या बऱ्याचशा त्याच्या निम्म्यातच आटपतात.

मोठ्या सिनेमात पोरगं शाळेतून कॉलेजात जाईपर्यंत दाखवता येतं, इथे तेवढी सवडच नाही, त्यामुळे एखादी दुपार, एखादी पार्टी एवढंच घ्यायचं आणि मोठं होणं जिथे सुरू होतं तिथेच गोष्ट सोडून द्यायची, आणि खरं सांगू का, मजा त्यातच आहे.

स्कॉटिश दिग्दर्शिका लिन रॅमसेची 'गॅसमॅन' (1998, कान फिल्म फेस्टिव्हलमध्ये ज्युरी प्राइझ) घ्या. छोटी मुलगी बाबा आणि भावासोबत ख्रिसमस पार्टीला निघते, वाटेत रेल्वे रुळांवर एक बाई आपली दोन मुलं बाबांच्या हवाली करते, आणि पार्टीत त्यातली पोरगी बाबांच्या मांडीवर बसून हा माझाच बाप आहे म्हणते. समजावून कोणीच सांगत नाही. परतताना आपली पोरगी दगड उचलते, पण मारत नाही, सोडून देते, बस्स. ती टीनएजर नाहीये, पण हा प्रकार कसा चालतो ते इथे जितकं स्वच्छ दिसतं तितकं क्वचितच दिसतं. याउलट सगळं व्हॉइसओव्हरमध्ये बोलून टाकायचं, आरशासमोर उभं करायचं आणि शेवटी समुद्राकडे पळवायचं, हे आता फार झालंय.

नवे दिग्दर्शक इथूनच सुरुवात करतात कारण लोकेशन कमी, खर्च कमी आणि मटेरियल स्वतःच्याच आठवणीतलं. फ्रेंच दिग्दर्शक त्रुफोनेही 1957 मध्ये 'ले मिस्तों'मध्ये एका तरुणीवर भाळून तिलाच छळणारी पोरांची टोळी दाखवली होती, पहिली फीचर, म्हणजे पूर्ण लांबीची फिल्म, त्यानंतर 1959 ला आली.

बर्लिन फेस्टिव्हलमध्ये 2004 पासून टीनएजर प्रेक्षकांसाठी '14प्लस' नावाचा वेगळा विभाग आहे, तिथे क्रिस्टल बेअर हा पुरस्कार कोणाला द्यायचा हे टीनएजर ज्युरीच ठरवते. कधीकधी शॉर्टचीच पुढे फीचर होते, जसं ब्राझीलच्या दानिएल रिबेरोने अंध मुलाच्या पहिल्या प्रेमावर 2010 ला शॉर्ट केली आणि 2014 ला तेच तीन मुख्य कलाकार घेऊन मोठी फिल्म काढली.