पुलाची ओळख (बालशिक्षण, मुंबई)

पूल वजन कसे पेलतो, ते कोणत्या वाटेने जमिनीत पोचवतो आणि मधल्या मोकळ्या जागेत तो उभा तरी कसा करतात, हे साधारण सात ते तेरा वर्षांच्या मुलांना हाताने करून आणि प्रत्यक्ष पाहून कळू देणे, म्हणजे पुलाची ओळख. मुंबईत पूल शोधावे लागत नाहीत. रेल्वेच्या पादचारी पुलावर कधीच चढले नाही असे मूल या शहरात विरळाच. अडचण एवढीच, की वरून चालताना पूल दिसत नाही. तो खालून बघावा लागतो. खालून जाणारी लोकल, भरतीचे पाणी, कोळ्यांच्या होड्या आणि तळाचा चिखल हेच त्याचे रूप बरेचसे ठरवत असतात.

सुरुवात साकवापासून करावी. मे महिन्यात कोकणात जाणाऱ्या मुलांनी ओढ्यावर आडवे टाकलेले माडाचे खोड पाहिलेले असते, आणि मध्यावर पाय पडला की ते लवते हेही त्यांना ठाऊक असते. अभियंत्याच्या भाषेत ही तुळई. लवताना तिच्या आत काय होते ते खोडरबर दाखवतो. लांबट खोडरबराच्या बाजूवर पेनाने उभ्या रेघा माराव्यात, दोन पुस्तकांवर त्याची टोके टेकवावीत आणि मध्ये बोटाने दाबावे. वरच्या कडेला रेघा जवळ येतात, खालच्या कडेला फाकतात. वर दाब, खाली ताण. काँक्रीट दाब उत्तम सोसते, ताणापुढे मात्र लवकर तडकते. म्हणून दोन टेकूंवरच्या तुळईत मुख्य सळया खालच्या अंगाला घालतात. हे एकदा कळले की घरासमोरच्या बांधकामावर सळया बांधणारे कामगार काय करत आहेत, ते मुले आपणहून पाहू लागतात.

दुसरा प्रयोग फूटपट्टीचा. आडवी ठेवली की वाकते, कडेवर उभी धरली की त्याच वजनाला दाद देत नाही. गर्डर, म्हणजे पुलाची मोठी तुळई, उंच का असतो याचे उत्तर इथेच मिळते. आणि उंच गर्डरखाली लोकल आणि तिची वरची वीजतार जायची असेल, तर रस्ता आणखी वर न्यावा लागतो. अंधेरीच्या गोखले पुलाचे तसेच झाले. रेल्वेमार्गावर जास्त उंची सोडायची असल्याने नवा पूल जुन्यापेक्षा वर बांधला गेला. त्याची एक बाजू फेब्रुवारी २०२४ मध्ये खुली झाली, तेव्हा शेजारचा बर्फीवाला उड्डाणपूल खालीच राहिला होता. पुढे जॅक लावून त्याचे टोक उचलले आणि जुलै २०२४ मध्ये दोन्ही रस्ते जोडले गेले. मोठ्यांनी या प्रकरणावर भरपूर विनोद केले. मुलांना मात्र अख्खा उड्डाणपूल जॅकने उचलता येतो, हीच बातमी वाटते, आणि त्यांचे बरोबर आहे.

कमान शिकवायला दोन मुले पुरतात. दोघांनी समोरासमोर उभे राहून तळहाताला तळहात टेकायचे आणि पाय मागे नेत एकमेकांवर रेलायचे. गुळगुळीत फरशीवर मोजे घालून हे केले, की पाय बाहेर घसरू लागतात. कमान वजन खाली देते तसा बाहेरही रेटा देते. जुन्या दगडी पुलांना दोन्ही टोकांना जाडजूड भिंती का असतात ते इथे उमगते. आता दोघांच्या टाचांमागून एक दोरी फिरवून घट्ट बांधली, की घसरणे थांबते. मराठीत काम सोपे होते, कारण आपल्याकडे ‘कमान’ म्हणजे धनुष्यही, आणि ही दोरी म्हणजे त्याची प्रत्यंचा. इंग्रजीतून ज्याला बोस्ट्रिंग पूल म्हणतात तो हाच.

असा पूल वरळीला आहे. सागरी किनारा रस्ता वांद्रे-वरळी सागरी सेतूला जिथे जोडतो, तिथे खांबांमध्ये आधी ६० मीटर अंतर ठरले होते. त्यातून होड्या सुखरूप जाणार नाहीत, असे वरळी कोळीवाड्यातील मच्छीमारांनी लावून धरले आणि अंतर १२० मीटर झाले. मधला खांब गेला, म्हणजे तेवढी मोकळी जागा एका दमात ओलांडणे आले. तिथला पहिला धनुष्याकृती गर्डर १३६ मीटर लांब आणि सुमारे २,००० टन वजनाचा. तो माझगावहून बार्जवर, म्हणजे सपाट तळाच्या मालवाहू नौकेवर, लादून समुद्रमार्गे आणला आणि एप्रिल २०२४ मध्ये भरती-ओहोटीचे वेळापत्रक पाहून पहाटे बसवला. दुसरा पुढच्याच महिन्यात आला.

पाणी वजन कसे उचलते आणि कसे उतरवते, ते घरच्या टबात करून बघता येते. टबात दोन विटा ठेवाव्यात, त्यांच्यामध्ये डबा तरंगवावा आणि डब्यावर आडवी पट्टी ठेवावी. मग मगाने पाणी काढत जावे. डबा खाली जातो, पट्टी विटांवर राहते. ओहोटीने केलेले काम! एरवी भरती-ओहोटी भूगोलाच्या पुस्तकातच राहते.

‘मधला भाग ठेवला कसा?’ हा प्रश्न मुले हमखास विचारतात, आणि बहुतेक पुस्तके नेमकी तिथे गप्प असतात. मुंबईत त्याची उत्तरे डोळ्यांसमोर असतात. मेट्रोच्या कामात खांबांवर बसलेला पोलादी सांगाडा, म्हणजे लाँचिंग गर्डर, काँक्रीटचे तयार ठोकळे वर ओढून एका ओळीत टांगतो. मग त्यांतून पोलादी तारा ओवून ताणतात आणि ठोकळ्यांची एक तुळई होते. खाली रस्ता चालूच असतो. मुलांना हे पटवायला आठ-दहा वह्या पुरतात. त्या उभ्या, एकीला एक लावून दोन्ही हातांनी दोन्हीकडून दाबून धराव्यात. सगळी रांग उचलली जाते आणि मधली वही पडत नाही. हात जरा सैल केला की सगळ्या जमिनीवर.

रेल्वेवरच्या कामात वेळ हीसुद्धा एक सामग्री असते. कर्नाक बंदरचा १८६८ चा पूल नोव्हेंबर २०२२ मध्ये पाडला, तेव्हा त्यासाठी मध्य रेल्वेने २७ तासांचा ब्लॉक घेतला होता, म्हणजे तेवढा वेळ तिथली गाड्यांची ये-जा बंद ठेवली होती. तेवढ्यात तोडून, उचलून, रूळ मोकळे करून द्यायचे. रविवारी आत्याकडे जायचे रद्द का झाले, याचे कारण मेगाब्लॉक एवढेच न सांगता त्या वेळात रुळांवर काय चालते, तेही सांगावे.

केबल-स्टेड पूल, म्हणजे मनोऱ्याला तिरक्या तारांनी टांगलेला पूल, वर्गात उभा करता येतो. एका मुलाने दोन्ही हात आडवे पसरायचे, डोक्यावर घडी घातलेला टॉवेल ठेवायचा आणि त्यावरून घेतलेली दोरी दोन्ही कोपरांना बांधायची. मग हातांत दप्तरे दिली तरी हात खाली येत नाहीत. मान मात्र दबते, म्हणजे वजन मनोऱ्यातून खाली गेले. एकाच हातात दप्तर दिले तर काय होते, ते मुले न सांगता करून बघतात. वांद्रे-वरळी सागरी सेतूवर (लांबी ५.६ किमी, खुला २००९) वांद्र्याकडच्या भागात असे २५० मीटरचे दोन गाळे, म्हणजे दोन आधारांमधले भाग, आहेत.

पायाकडे सहसा दुर्लक्ष होते, कारण तो दिसत नाही. बादलीत चिखल घेऊन त्यात वीट ठेवावी, ती कलते. त्याच चिखलात तळापर्यंत काठ्या रोवून त्यांवर वीट ठेवली की ती उभी राहते. शिवडीपासून पलीकडे न्हावा-शेवाकडे जाणारा अटल सेतू (खुला १२ जानेवारी २०२४) २१.८ किमी लांब आहे. त्यातले सुमारे १६.५ किमी समुद्रावर. जहाजांची वाट आणि तळातल्या नळवाहिन्या जिथे आहेत, तिथे खांब रोवता येत नाहीत. तिथे हलके पोलादी डेक (रस्ता ज्यावर असतो तो पुलाचा भाग) वापरून १८० मीटरपर्यंतचे गाळे घेतले. शिवडीच्या चिखलात रोहित पक्षी उतरतात, म्हणून त्या बाजूला आवाज अडवणारे कठडे बसवले आहेत.

शाळांमध्ये आईस्क्रीमच्या काड्यांचे पूल करण्याची स्पर्धा लोकप्रिय आहे: मोडेपर्यंत वजन टांगायचे, जास्त पेलेल तो पहिला. त्रिकोण चौकोनापेक्षा पक्का का, छपराच्या कैचीत तिरके वासे का, हे त्यातून छान कळते. पण बांधताना पूल टेबलावर आडवा पडलेला असतो, आणि खरा पूल असा कुणी बांधत नाही. एक नियम वाढवून पाहावा: दोन बाकांमधल्या फटीखालून खेळण्यातली गाडी सतत चालू राहिली पाहिजे आणि तिला काही लागता कामा नये. मग फेविकॉल वाळेपर्यंत काय धरायचे यावरून जी भांडणे होतात, तिथे खरे पूलशास्त्र सुरू होते.

पूल पडतो का, असे मूल विचारणारच. हो म्हणावे. १४ मार्च २०१९ रोजी छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसजवळच्या हिमालय पादचारी पुलाचा भाग कोसळून माणसे दगावली. खारी हवा आणि पावसाळा यांनी लोखंड गंजते, म्हणून मुंबईतल्या पुलांची तपासणी आणि रंगकाम कधी संपत नाही. पण पूल न मोडताही नापास होतो. २९ सप्टेंबर २०१७ ला एल्फिन्स्टन रोड स्थानकातल्या जिन्यावर चेंगराचेंगरीत २३ जण गेले. सांगाडा शाबूत होता, वाट अपुरी होती. त्यानंतर तिथे लष्कराने सुटे भाग जोडून नवा पादचारी पूल उभारला, तो फेब्रुवारी २०१८ मध्ये खुला झाला. किती माणसे, किती वेळात, कोणत्या दिशेने हेही गणित पुलाचेच. गर्दीच्या वेळी जिन्याजवळ, वाटेत न येता, दहा मिनिटे डोकी मोजली तर पाचवीतल्या मुलालाही ते मांडता येते.

बेस्टच्या बसमधून उड्डाणपुलावर जाताना ठराविक अंतराने बसणारा ठक् असा धक्का म्हणजे प्रसरणाचा सांधा. १०० मीटर लांबीचे पोलाद २० अंशांनी तापले तर जवळजवळ २४ मिलिमीटर वाढते. त्याला जागा सोडलेली असते. त्याच सांध्याखाली, खांबाच्या माथ्यावर, गर्डर रबराच्या जाड गाद्यांवर टेकलेला असतो. उड्डाणपुलाखाली सिग्नलला गाडी थांबली की काचेतून वर पाहावे.

सागरी सेतू आणि अटल सेतू दोन्हींवर पायी जायला बंदी असल्याने ते बाजूनेच पाहावे लागतात. पहिल्यासाठी वांद्र्याचा किल्ला, दुसऱ्यासाठी शिवडीचा धक्का. ओहोटीची वेळ साधून जावे. खांबांवर ओली काळी पट्टी उघडी पडलेली असते, आणि भरती किती चढते ते मोजायला दुसरे साधन लागत नाही.