काडतूस बसते, म्हणजे जुळते असे नाही

आपल्या देशात सामान्य नागरिकाला परवान्यावर जी रिव्हॉल्वर आणि पिस्तुले मिळतात, त्यांतील बहुतेकांची ओळख ‘.३२ बोअर’ (नळीच्या व्यासाचे इंचांतील ढोबळ माप) या एकाच आकड्याने होते, कारण ९ मिलिमीटर किंवा .३८ यांसारखी मापे आपल्याकडे प्रतिबंधित बोअर मानली जातात. कानपूरला बनणारे .३२ बोअरचे रिव्हॉल्वर असो किंवा पश्चिम बंगालमधील आयुधनिर्माणीत तयार होणारे ‘अशनी’ हे पिस्तूल असो, बोलताना दोघांनाही ‘बत्तीस बोअर’च म्हटले जाते. परंतु या दोन शस्त्रांची काडतुसे एक नाहीत. रिव्हॉल्वरचे काडतूस १८९६ साली अमेरिकेत आलेल्या ‘.३२ स्मिथ अँड वेसन लाँग’ या जातीचे असते आणि त्याच्या पितळी पुंगळीची, म्हणजे दारू आणि गोळी धरून ठेवणाऱ्या नळकांड्याची, लांबी सुमारे २३ मिलिमीटर असते. पिस्तुलाचे काडतूस जॉन ब्राउनिंग यांनी १८९९च्या सुमारास रचलेल्या ‘.३२ एसीपी’ (ऑटोमॅटिक कोल्ट पिस्टल) या जातीचे असते आणि त्याची पुंगळी जेमतेम १७ मिलिमीटर लांब असते. दोन्ही पुंगळ्यांची जाडी मात्र जवळजवळ सारखी आहे. त्यामुळे पिस्तुलाचे आखूड काडतूस रिव्हॉल्वरच्या चेंबरमध्ये, म्हणजे फिरत्या चक्रीतील काडतूस ठेवण्याच्या पोकळीत, सहज सरकते, त्याच्या बुडाची थोडीशी बाहेर आलेली कडा तिथे अडकते, आणि हाताळणाऱ्याला वाटते की सगळे ठीक बसले आहे.

ही समजूत किती घातक आहे ते बार उडताना पुंगळीत तयार होणाऱ्या वायूच्या दाबाचे आकडे सांगतात. अमेरिकेत शस्त्रे आणि दारूगोळा बनवणाऱ्यांची जी मानक संस्था १९२६पासून काम करते, तिने रिव्हॉल्वरच्या या लांब काडतुसासाठी दर चौरस इंचाला १५,००० पौंड इतका कमाल दाब ठरवला आहे, तर पिस्तुलाच्या आखूड काडतुसासाठी ही मर्यादा २०,५०० पौंड आहे. दिसायला लहान असलेले काडतूस प्रत्यक्षात लांब काडतुसाच्या मर्यादेपेक्षा एक तृतीयांशाहूनही जास्त वाढीव दाब निर्माण करू शकते. युरोपीय पद्धतीनुसार नवे पिस्तूल किंवा रिव्हॉल्वर बाजारात येण्यापूर्वी त्याची कसोटी घेतात, तेव्हा कमाल दाबापेक्षा ३० टक्के अधिक दाबाची खास काडतुसे बंदिस्त जागी, माणसाच्या हातात शस्त्र न देता उडवली जातात. हेच प्रमाण .३२च्या रिव्हॉल्वरला लावले तर कसोटीचा दाब १९,५०० पौंड येतो. म्हणजे चुकीचे काडतूस आपल्या पूर्ण दाबाने उडाले, तर जी परीक्षा शस्त्राने आयुष्यात एखाद्या वेळी द्यायची, तिच्याहून कठीण परीक्षा ते दर वेळी माणसाच्या मुठीत, चेहऱ्यापासून हातभर अंतरावर देत राहते.

दाबाचे हे आकडे नुसते वाचून मनात चित्र उभे राहत नाही. घरच्या कुकरची शिट्टी होते तेव्हा आत वातावरणापेक्षा दर चौरस इंचाला साधारण १५ पौंड जास्त दाब असतो आणि मोटारीच्या चाकात तो तीस-पस्तीस पौंड असतो. ९ मिलिमीटर पिस्तुलाच्या काडतुसाची कमाल मर्यादा ३५,००० पौंड आहे, म्हणजे मोटारीच्या चाकाच्या सुमारे हजारपट. हा दाब बोटाच्या टोकाएवढ्या पुंगळीच्या आत, एका सेकंदाच्या हजाराव्या भागापेक्षाही कमी वेळात चढतो आणि उतरतो. पुंगळीच्या आतील बुडाचे क्षेत्रफळ धरून हिशेब केला, तर त्या क्षणी पिस्तुलाच्या मागच्या भागावर सुमारे दीड टन वजनाएवढा रेटा येतो. शस्त्राचे पोलाद हे सहन करते, कारण ते नेमक्या याच रेट्यासाठी घडवलेले असते.

इथे पुंगळीचे काम नीट समजून घेतले पाहिजे, कारण माझ्या मते या साऱ्या विषयाची किल्ली तिच्यात आहे. काडतुसाचे पितळ साधारण ७० टक्के तांबे आणि ३० टक्के जस्त यांचे असते. दाब चढला की पुंगळी फुगते, चेंबरच्या पोलादी भिंतीला घट्ट चिकटते आणि तप्त वायूंना मागे येण्याची वाट बंद करते. दाब उतरला की ती स्थितिस्थापकतेमुळे किंचित आक्रसते आणि बाहेर काढता येते. फुगणे आणि आक्रसणे यांचा हा खेळ मिलिमीटरच्या फार लहान अंशात चालतो. पुंगळी स्वतः दाब पेलत नाही, ती दाब पोलादावर सोपवते. तिच्याभोवती पोलादाचा आधार नसेल, किंवा तो आवश्यकतेपेक्षा दूर असेल, तर पितळ ताणत जाते आणि फाटते, आणि मग हजारो पौंड दाबाचा वायू मिळेल त्या फटीतून बाहेर पडतो.

दुसऱ्या महायुद्धानंतर हेच प्रत्यक्षात घडले. अमेरिकेने युद्धकाळात ब्रिटन आणि त्याच्या सहकारी देशांना स्मिथ अँड वेसनची ‘व्हिक्टरी’ रिव्हॉल्वर मोठ्या संख्येने पुरवली होती आणि ती ब्रिटिश सेवेतील जुन्या, आखूड आणि किंचित जाड .३८ काडतुसासाठी बनवलेली होती. युद्ध संपल्यावर अमेरिकेत सहज मिळणारे ‘.३८ स्पेशल’ हे लांब काडतूस त्यांत बसावे, म्हणून अनेक रिव्हॉल्वरांची चेंबर पुढे कोरून लांब करण्यात आली. पण कोरून जागा वाढवता येते, कमी करता येत नाही. जुन्या काडतुसाची पुंगळी सुमारे ९.८ मिलिमीटर जाड होती आणि नव्याची सुमारे ९.६. त्यामुळे चेंबरचा मागचा भाग सैलच राहिला आणि उडवलेल्या पुंगळ्या मध्येच फुगलेल्या, काही वेळा उभ्या चिरलेल्या निघू लागल्या. मिलिमीटरच्या पाचव्या भागाएवढा हा फरक डोळ्यांना दिसत नाही. पितळाला मात्र तो कळतो.

दाब वाढण्याला आणखी एक कारण आहे आणि ते बंदुकीच्या दारूच्या स्वभावात आहे. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ पॉल व्हिएल यांनी १८८४ साली धूरविरहित दारू तयार केली आणि तिच्या ज्वलनाचा वेग भोवतालच्या दाबावर अवलंबून असतो हे दाखवून दिले. चुलीतील लाकूड एका ठरावीक चालीने जळते, पण बंद जागेतील ही दारू दाब जितका वाढेल तितकी वेगाने जळते आणि वेगाने जळल्यामुळे दाब पुन्हा वाढवते. नेहमीच्या परिस्थितीत गोळी पुढे सरकते, तिच्यामागची जागा वाढते आणि हे चक्र आवरले जाते. गोळी नळीपेक्षा जाड असेल, ठरल्यापेक्षा जड असेल, पुंगळीत जास्त खोल दाबलेली असेल, किंवा आधीच्या अशक्त काडतुसाची गोळी नळीतच अडकून राहिलेली असेल, तर जागा वेळेवर वाढत नाही आणि दाब प्रमाणाबाहेर चढतो. म्हणूनच ‘थोडेसेच तर वेगळे आहे’ हे म्हणणे इथे लागू पडत नाही. कारणातील थोडा फरक परिणामात थोडा राहील याची खात्री नसते.

दारूगोळा बनवणाऱ्यांनी हा धोका ओळखून काही वेळा काडतुसाच्या आकारातच अडसर ठेवला आहे आणि त्याचे सर्वांत सुंदर उदाहरण ‘.३५७ मॅग्नम’ हे आहे. १९३०च्या दशकात अमेरिकेत .३८ स्पेशलपेक्षा कितीतरी शक्तिमान काडतूस तयार करण्यात आले. त्याची जाडी तीच, गोळीचा व्यासही तोच, पण .३८ स्पेशलची मर्यादा १७,००० पौंड, तर मॅग्नमची आजची मर्यादा ३५,००० पौंड, म्हणजे दुपटीहून अधिक. ते चुकून जुन्या रिव्हॉल्वरमध्ये गेले असते तर ती फिरणारी चक्रीच फुटली असती, कारण तिच्या दोन चेंबरांमधील आणि बाहेरच्या बाजूची भिंत फारच पातळ असते. म्हणून रचनाकारांनी मॅग्नमची पुंगळी मुद्दाम एक अष्टमांश इंच, म्हणजे सुमारे ३ मिलिमीटर लांब केली. दारूला जास्त जागा मिळावी हा त्यामागचा मुख्य हेतू नव्हता. हे काडतूस जुन्या चेंबरमध्ये पूर्ण शिरूच नये आणि चक्री बंदच होऊ नये, हा होता. १९५५मध्ये .४४ मॅग्नम आले तेव्हाही हीच युक्ती वापरली गेली. मॅग्नम रिव्हॉल्वरमध्ये .३८ स्पेशल वापरता येते, कारण तिथे शस्त्र काडतुसापेक्षा बळकट आहे. उलट मात्र कधीही नाही.

असा अडसर प्रत्येक ठिकाणी नसतो, आणि नावे तर आणखी फसवी आहेत. .३८ स्पेशलची गोळी प्रत्यक्षात ०.३५७ इंच व्यासाची असते, .३८ ही तिच्या पुंगळीच्या जाडीची जुनी आठवण आहे. ‘नऊ मिलिमीटर’ म्हणून ओळखली जाणारी तीन प्रसिद्ध काडतुसे आहेत: गेऑर्ग लुगर यांचे १९ मिलिमीटर पुंगळीचे, सोव्हिएत मकारोव्ह पिस्तुलाचे १८ मिलिमीटरचे आणि ब्राउनिंग यांचे १७ मिलिमीटरचे. पहिल्या आणि तिसऱ्याच्या गोळ्या सुमारे ९.०२ मिलिमीटरच्या, तर मकारोव्हची ९.२७ मिलिमीटरची. १७ मिलिमीटरचे काडतूस मकारोव्हमध्ये घातले तर गोळी नळीच्या खाचांना नीट पकडत नाही, वायू तिच्या बाजूने निसटतो आणि तिला पुरेशी गिरकी मिळत नाही. शिवाय बहुतेक स्वयंभरण पिस्तुलांत काडतूस पुंगळीच्या तोंडावर टेकते; पुंगळी आखूड असेल तर ते चेंबरमध्ये अधिक पुढे जाते, पिनेचा ठोका अपुरा बसतो, किंवा बार उडालाच तर पुंगळी मोकळ्या जागेत मागे आदळते.

लांब नळीच्या बंदुकांतील एक गोष्ट इथे सांगितली पाहिजे, कारण पिकांच्या राखणीसाठी बारा बोअरची बंदूक बाळगणारे परवानाधारक आपल्याही खेड्यांत आहेत. या बंदुकांत बोअरचा आकडा जितका मोठा, तितकी नळी बारीक. वीस बोअरचे बारीक काडतूस बारा बोअरच्या चेंबरमध्ये टाकले तर ते घरंगळत पुढे जाते आणि नळीच्या अरुंद भागात अडकते. चेंबर रिकामे दिसते, माणूस मागून बारा बोअरचे काडतूस भरतो आणि चाप ओढतो. त्यानंतर नळी फुटते. यामुळेच अमेरिकी उत्पादकांनी वीस बोअरच्या काडतुसांसाठी पिवळा रंग राखून ठेवला.

शस्त्र आणि काडतूस जुळते की नाही, हे ठरवण्यासाठी दोनच मजकूर ग्राह्य धरावेत: नळीवर किंवा सांगाड्यावर कोरलेले काडतुसाचे पूर्ण नाव आणि पुंगळीच्या बुडावर ठोकलेला शिक्का. पुण्याजवळ खडकीला १८६९पासून दारूगोळ्याचा कारखाना आहे आणि तिथल्या काडतुसांच्या बुडावर खडकीच्या ‘किर्की’ या इंग्रजी काळातील नावाची आठवण सांगणारी ‘के’ आणि ‘एफ’ ही रोमन अक्षरे असतात. परदेशी काडतुसांवर कधी नावापुढे अधिक चिन्ह आणि ‘पी’ हे अक्षर आढळते. त्याचा अर्थ हे त्याच मापाचे पण जास्त दाबाचे काडतूस आहे असा होतो आणि उत्पादकाने स्पष्ट परवानगी दिली नसेल तर ते त्या शस्त्रात घालू नये. खोक्यावरचे चित्र, दुकानदाराचा अंदाज किंवा हाताने घालून पाहण्याची सवय या तिन्ही गोष्टी वरील दोन मजकुरांची जागा घेऊ शकत नाहीत.

वारसाहक्काने आलेल्या जुन्या शस्त्रांवर हा मजकूर अनेकदा झिजलेला असतो, किंवा मधल्या काळात कुणीतरी चेंबर कोरून बदललेले असते, आणि मग कोरलेले नावही खरे राहत नाही. अशा वेळी जाणकार शस्त्रकारागीर शस्त्र रिकामे असल्याची खात्री करून कमी तापमानाला वितळणारा मिश्रधातू चेंबरमध्ये ओततात. तो थंड झाला की चेंबरचा हुबेहूब साचा हातात येतो. त्याची लांबी, कडेजवळची जाडी आणि तोंडाजवळचा व्यास सूक्ष्ममापकाने मोजून ती मापे काडतुसाच्या मानक आराखड्याशी ताडून पाहिली जातात, आणि ती जुळेपर्यंत त्या शस्त्रात कोणतेही काडतूस घातले जात नाही.