राजमातेचा हुकूम: सातवाहन-वाकाटक काळातील स्त्रियांचा सार्वजनिक कारभार

प्राचीन काळातल्या स्त्रियांच्या सार्वजनिक स्थानाची चर्चा आपल्याकडे बहुधा गार्गी-मैत्रेयीपासून सुरू होते आणि मनुस्मृतीवर येऊन अडते. ग्रंथ काय असावे ते सांगतात. प्रत्यक्ष काय चालले होते हे पाहायचे तर दानलेख आणि ताम्रपट वाचावे लागतात, आणि याबाबतीत महाराष्ट्र भाग्यवान आहे. नाणेघाटापासून रामटेकपर्यंत सुमारे पाच शतकांचे लेख इथे आहेत. त्यांत राण्या आहेतच. शिवाय भिक्षुणी, व्यापारी घरांतल्या बायका आणि राजद्वारावर नेमलेली एक प्रतीहारीही आहे.

पहिला मोठा लेख जुन्नरजवळच्या नाणेघाटातला, इ.स.पू. पहिल्या शतकाच्या सुमाराचा. लेण्याच्या डाव्या आणि उजव्या भिंतीवर ब्राह्मी लिपीत, प्राकृत भाषेत तो कोरला आहे. मागच्या भिंतीवर राजघराण्यातील व्यक्तींच्या मूर्ती होत्या. आज जेमतेम पावलांच्या खुणा आणि वरची नावे उरली आहेत. त्यांत राजा सातकर्णीबरोबर देवी नायनिकेचे, म्हणजे नागनिकेचे नाव येते. तिचा बाप महारठी, म्हणजे घाटमाथ्यावरच्या बड्या सरदार घराण्यातला. लेखात अश्वमेध, राजसूय अशा यज्ञांची आणि त्यांत दिलेल्या दक्षिणेची यादी आहे: गाई, घोडे, हत्ती, कार्षापण नाणी, सगळे आकड्यांनिशी. एका ठिकाणी ११,००० गाई आणि १,००० घोडे आहेत. ब्राह्मी अंकांच्या अभ्यासात या लेखाला मोठे स्थान आहे ते याच हिशेबामुळे.

हे यज्ञ तिने स्वतः केले का, यावर अभ्यासकांत वाद आहे. दगड झिजून ओळींची सुरुवात-शेवट गेले आहेत आणि नेमका कर्ता तिथेच हरवला आहे. श्रौत, म्हणजे वैदिक यज्ञांच्या परंपरेप्रमाणे स्त्रीला एकटीने यज्ञ करता येत नाही, म्हणून यज्ञ राजाचे आणि ती पत्नी या नात्याने सहभागी, असे मानणे जास्त सरळ. पण लेखात तिचे वर्णन महिना महिना उपवास करणारी, घरात राहून तापसी झालेली, ब्रह्मचर्य पाळणारी असे आहे. ही वैधव्यातली राणी आहे, आणि वेदिश्री व सतिश्री या मुलांची आई म्हणून तिचा उल्लेख येतो. घाटातून जाणारा प्रत्येक व्यापारी तांडा जिथे थांबे, तिथे घराण्याची कीर्ती आणि खर्च तिच्या नावाभोवती कोरला गेला. यज्ञाच्या वादापेक्षा मला हे जास्त बोलके वाटते.

नाशिकच्या पांडवलेण्यांतल्या ३ क्रमांकाच्या लेण्यात कारभार अगदी जवळून दिसतो. गौतमी बलश्रीचा, तिचा नातू पुळुमावी याच्या १९व्या राज्यवर्षातला लेख सर्वांना माहीत असतो. गौतमीपुत्र सातकर्णीची 'ज्याच्या घोड्यांनी तीन समुद्रांचे पाणी प्यायले' ही प्रशस्ती त्यातलीच. ती कोरवून घेणारी त्याची आई आहे, आणि ती स्वतःला महाराजाची माता आणि महाराजाची आजी म्हणवते. हे लेणे तिने भद्रायणीय या बौद्ध पंथाच्या भिक्षूंना दिले. नातवाने लेण्याच्या सजावटीसाठी त्रिरश्मी डोंगराच्या, म्हणजे या लेण्यांच्याच डोंगराच्या, नैऋत्येचे पिसाजिपदक हे गाव जोडून दिले.

त्याच लेण्यातला, खुद्द गौतमीपुत्राच्या २४व्या वर्षाचा लेख मात्र लोक फारसा वाचत नाहीत, कारण त्यात काव्य नाही, जमिनीचा मामला आहे. गोवर्धन इथला अमात्य सामक याला हुकूम जातो, तो राजा गौतमीपुत्र आणि 'जिचा पुत्र हयात आहे' अशा राजमातेच्या नावाने, दोघांच्या मिळून. तक्रार अशी: भिक्षूंना काखडी गावात शेत दिले होते, पण ते शेत कसले जात नाही आणि गावात वस्तीच राहिलेली नाही. दानपत्र हाती आहे, पण पीक नाही. म्हणून नगराच्या सीमेवरच्या राजाच्या मालकीच्या शेतातून १०० निवर्तने (जमिनीचे जुने माप) द्यावीत. सवलतीही नोंदल्या आहेत: राजाच्या माणसांनी त्या शेतात शिरू नये, कशाला हात लावू नये, मीठ खणू नये, जिल्ह्याच्या अधिकाऱ्यांनी ढवळाढवळ करू नये. हुकूम तोंडी दिला गेला. तो लेखी करणारी लोटा ही प्रतीहारी, म्हणजे राजद्वारावर नेमलेली स्त्री. राजमाता हुकमात, प्रतीहारी दस्तऐवजात, आणि विषय एका पडीक शेताच्या बदलीचा!

गौतमीपुत्र आजारी असावा म्हणून आईचे नाव आले, किंवा दोघे मिळून राज्य करत होते, असे तर्क झाले आहेत. त्यातला कोणताही धरला तरी अमात्याने तिचा शब्द राजाज्ञेसारखाच मानायचा होता. मात्र 'गौतमीपुत्र', 'वासिष्ठीपुत्र' या नावांवरून सातवाहन मातृसत्ताक होते असे सर्रास लिहिले जाते, ते टिकत नाही. गादी बापाकडून मुलाकडेच जाते. अनेक राण्यांच्या घरात कोणत्या राणीचा मुलगा हे आईच्या गोत्रनामाने कळत असे, इतकेच त्यातून म्हणता येते.

राजघराण्याबाहेरही स्त्रियांची दाने भरपूर आहेत. कार्ल्याच्या चैत्यगृहात कोडी नावाच्या भिक्षुणीने वेदिकेचे, म्हणजे दगडी कठड्याचे दान दिले. ती घुणिकाची आई आणि काम करणारा नंदिक, एवढे त्या छोट्या ओळीत आहे. संसार सोडल्यावरही मुलाच्या नावाने ओळख आणि हाताशी दान देण्याइतका पैसा, दोन्ही शाबूत. बेडशाच्या पाण्याच्या टाक्यावर सामडिनिका ही महाभोजाची (हीही एक सरदारी पदवी) मुलगी स्वतःला महारठिनी म्हणवते. माहेरचा आणि सासरचा दोन्ही मान एकाच ओळीत. कुडे इथले एक चैत्यगृह भयिला या ब्राह्मण उपासिकेचे. नाशिकच्या १० क्रमांकाच्या लेण्यात क्षत्रप राजा नहपान याची मुलगी दक्षमित्रा हिने एक खोली दिली आहे.

पैशाचा व्यवहार सर्वांत स्पष्ट दिसतो तो याच लेण्यातल्या विष्णुदत्तेच्या लेखात. आभीर राजा ईश्वरसेनाच्या ९व्या वर्षातला हा लेख. ती शक अग्निवर्म्याची मुलगी, गणपक (एक पदवी) रेभिलाची बायको आणि गणपक विश्ववर्म्याची आई. त्रिरश्मीवरच्या आजारी भिक्षूंच्या औषधासाठी तिने अक्षयनीवी, म्हणजे कायमची ठेव, श्रेणींकडे म्हणजे कारागिरांच्या संघांकडे ठेवली: कुलरिक (बहुधा कुंभार) श्रेणीकडे १,००० कार्षापण, पाण्याची यंत्रे चालवणाऱ्या ओदयंत्रिक श्रेणीकडे २,०००, आणखी एका श्रेणीकडे ५००, शिवाय तेल्यांच्या श्रेणीकडेही ठेव. अक्षयनीवीत मुद्दल मोडायचे नाही, फक्त व्याज खर्चायचे. दर काय असत हे त्याच डोंगरावरच्या, नहपानाचा जावई उषवदात याच्या लेखातून कळते: विणकरांच्या एका श्रेणीकडे महिना शेकडा १, दुसरीकडे शेकडा पाऊण. एकच श्रेणी बुडाली तर औषध बंद पडणार, म्हणून रक्कम विभागून ठेवणे शहाणपणाचे. शेत पडीक पडते ही अडचण या पद्धतीत नव्हती; धोका होता तो श्रेणीची पत बुडण्याचा.

वाकाटकांची प्रभावतीगुप्ता या सर्वांच्या पुढची पायरी आहे. दुसऱ्या चंद्रगुप्ताची ही मुलगी. पती दुसरा रुद्रसेन वारल्यावर मुले लहान म्हणून विदर्भाचा कारभार तिने पाहिला. तिचा १३व्या वर्षाचा ताम्रपट पुण्यात सापडला म्हणून पुणे ताम्रपट म्हणतात, पण तो दिला नंदिवर्धन या वाकाटक राजधानीहून. कार्तिक शुद्ध द्वादशीला आचार्य चनालस्वामीला डंगुण गाव दिले. गावाचे स्थान शेजारच्या गावांच्या संदर्भाने पक्के केले, सैनिकांना प्रवेशबंदी, वेठबिगारीतून सूट, सगळे राजपटाच्या शिरस्त्याने. मुद्रेवर शब्द आहेत 'जनन्या युवराजस्य शासनं रिपुशासनम्': युवराज दिवाकरसेन आहे, पण शासन त्याच्या आईचे.

तिने वंशावळ मात्र वाकाटकांची दिली नाही, गुप्तांची दिली. आईकडून आपण नागकुळातल्या हेही ती नोंदवते. मुलगा दुसरा प्रवरसेन गादीवर आल्यावर तिने दान देणे थांबवले नाही. रिद्धपूरचा ताम्रपट त्याच्या १९व्या वर्षातला, रामगिरीस्वामीच्या पायांपाशी, म्हणजे रामटेकला दिलेला आहे, आणि त्यातही आधी गुप्तच येतात. प्रवरसेनाच्या स्वतःच्या ताम्रपटांत वंशावळ वाकाटकांची, आणि आईचा उल्लेख महाराजाधिराज देवगुप्ताची, म्हणजे दुसऱ्या चंद्रगुप्ताची, मुलगी एवढाच.