मक्याचं धिरडं मोडतं का? मैदा नको, आधण ठेवा

सकाळी साडेसातला भाचीचा फोन. ‘मावशी, पहिलं धिरडं कसंबसं निघालं. दुसरं उलटताना त्याचे चार तुकडे झाले. आता पातेल्याच्या तळाशी नुसता रवा बसलाय आणि वर पिवळं पाणी. शेजारच्या काकू म्हणतात, मैदा घातल्याशिवाय मक्याचं धिरडं होतच नाही. घालू का अर्धी वाटी?’

मी तिला मैदा ठेवून द्यायला सांगितलं आणि गॅसवर पाण्याचं आधण चढवायला लावलं.

हा समज घरोघरी आहे, आणि तो का तयार झाला हेही कळतं. गव्हात दोन प्रकारची प्रथिनं असतात. पाणी घालून पीठ मळलं की ती एकमेकांत गुंतून ग्लुटेनचं लवचिक जाळं बनवतात. मक्यातलं मुख्य प्रथिन आहे झेइन. मक्याचं शास्त्रीय नाव ‘झिया मेज’, त्यातल्या ‘झिया’वरून त्याला हे नाव मिळालं. झेइन बारीक गोळ्यांच्या रूपात स्टार्चच्या कणांभोवती गच्च बसलेलं असतं. गार पाण्यात ते ना विरघळतं, ना जाळं विणतं. त्यामुळे धिरडं धरून ठेवायला मैद्याचं ग्लुटेन उसनं आणायचं, असा सगळा हिशेब. पण मक्याच्या पिठात वजनाच्या जवळजवळ ७० टक्के स्टार्च असतो, आणि त्याला जागं केलं तर उसनवारीची गरजच पडत नाही.

हे ‘जागं होणं’ मी कॉलेजच्या प्रयोगशाळेत पहिल्यांदा पाहिलं, ते आजही डोळ्यांसमोर आहे. काचपट्टीवर पाण्याच्या थेंबात चिमूटभर स्टार्च, आणि सूक्ष्मदर्शकात ध्रुवित, म्हणजे एकाच दिशेत कंप पावणारा, प्रकाश. काळ्या पार्श्वभूमीवर शेकडो कण चमकत होते आणि प्रत्येक कणावर एक काळी फुली. आतले रेणू शिस्तीत रचलेले असले, तरच ही फुली दिसते. पट्टी हळूहळू तापवली. साठ अंशांपर्यंत फारसं काही घडलं नाही. मग एका कणाची फुली मधूनच पुसट झाली आणि विझली. मग शेजारच्याची. मक्याच्या स्टार्चमध्ये हे साधारण ६२ ते ७२ अंश सेल्सिअसच्या दरम्यान घडतं.

आत काय झालं? स्टार्चमध्ये दोन प्रकारचे रेणू असतात. अमायलोपेक्टिन हे फांद्याफांद्यांचं, सुमारे तीन चतुर्थांश. उरलेलं अमायलोज, बहुतांशी सरळ साखळीचं. अमायलोपेक्टिनच्या शेजारशेजारच्या फांद्या एकमेकींना पीळ घालून दुहेरी मळसूत्रं बनवतात. ही मळसूत्रं थरांत रचली जातात, आणि एक घट्ट व एक सैल थर मिळून जाडी भरते सुमारे ९ नॅनोमीटर. गार पाणी सैल थरांत शिरतं, कण किंचित फुगतो, वाळला की पुन्हा पहिल्यासारखा होतो. उष्णता वाढली की मळसूत्रांना धरून ठेवणारे हायड्रोजन बंध तुटतात, पीळ उलगडतात, आणि मोकळ्या झालेल्या साखळ्यांना पाणी चिकटतं. कण कितीतरी पट फुगतो. आतलं अमायलोज बाहेर झिरपून कणाकणांमध्ये पसरतं. हाच आपला गोंद, आणि आता मागे फिरणं नाही.

मग तव्यावरही उष्णता असतेच की, तिथे का होत नाही? होतं, पण अपुरं. मक्याच्या दाण्याचा बाहेरचा भाग काचेसारखा टणक असतो. त्याचे रवाळ तुकडे पाणी सावकाश पितात, आणि तापलेल्या तव्यावर पातळ थरातलं पाणी वाफ होऊन त्याआधीच निघून जातं. स्टार्च कोरडाच राहतो आणि धिरडं भुगभुगीत होतं.

म्हणून उकळतं पाणी आधीच घालायचं. आणि उकळतंच का, याचं गणित करून बघा. १२५ ग्रॅम पीठ २५ अंशांवर आहे. एक अंश तापायला पिठाला पाण्याच्या निम्म्याहून कमी उष्णता लागते. त्यात २०० ग्रॅम उकळतं पाणी ओतलं, की भांड्यात आणि हवेत गेलेली उष्णता धरूनही मिश्रण ८० अंशांच्या आसपास येतं. म्हणजे ७२ च्या वर. तेच गिझरचं ६० अंशांचं पाणी घेतलं, तर मिश्रण जेमतेम ५३ वर थांबतं. एकही फुली विझणार नाही.

भाचीने उरलेल्या पिठाचं तसंच केलं. वाटीभर पिठावर आधणाचं पाणी ओतून, चमच्याने फेटून, झाकण ठेवून वीस मिनिटं थांबली. मग हळद, ओवा, मिरची, कोथिंबीर, मीठ आणि सरसरीत होईपर्यंत ताक. दुसऱ्या फोनवर म्हणाली, ‘तळाशी काही बसत नाहीये गं!’ बसणार नाहीच. फुगलेल्या कणांनी पाणी धरून ठेवलंय. बिडाच्या तव्यावर झाकण ठेवून दोन मिनिटं, कडा सुटल्या की कालथ्याने उलटायचं. अख्खं निघतं.

आपल्याकडे हे ज्ञान नवं नाही. उकडीच्या मोदकांसाठी तांदळाची पिठी आधणात घालतो, ते हेच. ज्वारीच्या पिठाची विरी, म्हणजे चिकटपणा, गेली की भाकरीचं पीठ उकळत्या पाण्यात भिजवतो, तेही हेच. मक्याच्या मूळ देशात, मेक्सिकोत, दुसरी वाट सापडली. तिथे दाणे चुन्याच्या पाण्यात शिजवून वाटतात. चुन्याने दाण्याची सालं आणि पेशींच्या भिंती सैल होतात, पीठ चिकट होतं आणि मक्यात अडकून पडलेलं नायासिन हे जीवनसत्त्वही मोकळं होतं. युरोपने मका नेला, चुना मागेच ठेवला. मक्यावरच गुजराण करणाऱ्या गरिबांना तिथे पेलाग्रा, म्हणजे नायासिन कमी पडल्याने होणारा आजार, झाला.

दोन गोष्टी स्पष्ट सांगायला हव्यात. दुकानातलं पांढरंशुभ्र ‘कॉर्नफ्लोर’ म्हणजे मक्याचं पीठ नव्हे. तो प्रथिनं, साल, अंकुर काढून टाकलेला निव्वळ स्टार्च आहे. त्याचं धिरडं रबरासारखं होतं. आणि पिवळ्या पिठाच्या पुड्यावर ‘ग्लुटेन-फ्री’ लिहून दुप्पट किंमत लावतात, त्याने वजन उतरत नाही. स्टार्च तेवढाच, उष्मांकही जवळपास तेवढेच. सीलिॲक आजार, म्हणजे ग्लुटेनमुळे आतड्याला इजा होण्याचा आजार, असलेल्यांसाठी मात्र ग्लुटेन नसणं खरोखर महत्त्वाचं आहे, आणि त्यांच्याच धिरड्यात आपण ‘बांधायला’ म्हणून मैदा घालतो!

डब्यात नेलेलं धिरडं दुपारी ताठ होतं, कारण गार होताना साखळ्या पुन्हा एकमेकींना बिलगून स्फटिक बनवतात. पाण्याचा हबका मारून तव्यावर झाकून गरम केलं, की अमायलोपेक्टिनचे स्फटिक ६० अंशांच्या आसपास वितळतात आणि धिरडं बरंचसं मऊ होतं. अमायलोजचे मात्र शंभर अंशांतही वितळत नाहीत, म्हणून सकाळचा मऊपणा पुरता परत येत नाही.