यतीच्या नावातलं अस्वल

एप्रिल २०१९मध्ये भारतीय सैन्याने नेपाळमधल्या मकालू शिखराच्या तळछावणीजवळच्या बर्फातल्या पावलांच्या ठशांचे फोटो ट्विटरवर टाकले. माप ३२ बाय १५ इंच, आणि सोबत थेट ‘यती’चं, म्हणजे हिमालयातल्या दंतकथेतल्या हिममानवाचं नाव. थट्टा भरपूर झाली. पण आधी ठसा आणि लगेच बारसं, हा प्रकार जवळपास शंभर वर्षांचा आहे.

मराठीतला यती म्हणजे संन्यासी. त्याचा इथे काही संबंध नाही. हा शब्द शेर्पांच्या बोलीतून आला. त्यातल्या ‘ती’चं मूळ ‘ते’, म्हणजे अस्वल, असं सहसा मानतात. १९२१मध्ये एव्हरेस्टच्या पहिल्या पाहणी मोहिमेला ल्हाक्पा ला खिंडीत ठसे दिसले. मोहिमेचे प्रमुख चार्ल्स हॉवर्ड-बरी यांना ते लांडग्याचे वाटले. हमाल म्हणाले, ‘मेतोह-कांगमी’. ‘मेतोह’ म्हणजे माणूस-अस्वल आणि ‘कांगमी’ म्हणजे हिममानव. कलकत्त्याच्या ‘द स्टेट्समन’मध्ये लिहिणारे हेन्री न्यूमन यांनी मात्र ‘मेतोह’चं भाषांतर ‘किळसवाणा’ असं केलं. बातमी जगभर गेली. अस्वल वाटेतच गळालं, माणूस तेवढा उरला.

मग १९५१मध्ये ब्रिटिश गिर्यारोहक एरिक शिप्टन यांनी मेनलुंग हिमनदीवर तो प्रसिद्ध फोटो काढला: एकच ठळक ठसा, रुंद अंगठा, आणि मापासाठी शेजारी ठेवलेली बर्फकुऱ्हाड. उन्हाने बर्फ कडेकडेने वितळतं आणि लहान पाऊलही फुगून मोठं दिसतं, हे गिर्यारोहकांना ठाऊक होतं. पण फोटोपुढे कोण ऐकतो! १९५४मध्ये ‘डेली मेल’ने खास मोहीम काढली, तीत भारतीय प्राणिशास्त्रज्ञ विश्वमय विश्वास होते. पुढे टेक्सासचे तेलसम्राट टॉम स्लिक आले. शोधणाऱ्यांची इतकी रीघ लागली, की नेपाळने परवान्यासाठी ५,००० रुपये शुल्क ठेवलं. स्वसंरक्षणाची वेळ आल्याशिवाय यतीला मारायचं नाही, अशीही अट होती.

सगळ्यात मजेदार कथा नेपाळमधल्या खुमजुंग या शेर्पा गावच्या गोंपातल्या, म्हणजे बौद्ध मठातल्या ‘टाळू’ची, यतीच्या डोक्याची केसाळ कातडी म्हणून जपलेल्या वस्तूची. निमुळती, राठ केसांची, टोपीसारखी वस्तू. १९६०मध्ये एडमंड हिलरींनी ती तपासायला मागितली. गावकऱ्यांनी सहा आठवड्यांच्या बोलीवर दिली, आणि राखणीला गावचे वडीलधारे खुंजो चुंबी सोबत पाठवले. टाळू आणि चुंबी शिकागो, पॅरिस, लंडन फिरून आले. निष्कर्ष निघाला, की ती सेरो या शेळीच्या कुळातल्या पहाडी प्राण्याच्या कातड्याची आहे. हिलरींनी तशाच कातड्याची नक्कलही करवून घेतली होती. पुढच्याच वर्षी त्यांनी खुमजुंगमध्ये शाळा बांधली. माझ्या मते त्या सगळ्या शोधाची हीच खरी कमाई.

२०१७मध्ये जीवशास्त्रज्ञ शार्लट लिंडक्विस्ट यांच्या गटाने यतीचे म्हणून जपलेले हाड, केस, दात, कातडी असे ९ नमुने डीएनएने तपासले. एक कुत्र्याचा निघाला, बाकी ८ अस्वलांचे.

टाळू आजही खुमजुंगच्या गोंपात पेटीत आहे. दानपेटीत काही टाकलंत की कुलूप उघडून दाखवतात.