वॉरेन, स्टुअर्ट
(१९३८–२०२०). ब्रिटिश कार्बनी रसायनशास्त्रज्ञ आणि संश्लेषणावरील पाठ्यपुस्तकांचे लेखक. शिक्षण केंब्रिजच्या ट्रिनिटी कॉलेजात. पीएच.डी.नंतर त्यांनी हार्वर्डला रसायनशास्त्रज्ञ फ्रँक वेस्टहायमर यांच्या प्रयोगशाळेत काम केले. पुढची सारी कारकीर्द केंब्रिजमध्ये गेली. १९७१ पासून ते चर्चिल कॉलेजचे फेलो होते.

संशोधनात त्यांचा विषय फॉस्फरसची कार्बनी संयुगे हा होता. दोन कार्बन अणूंमध्ये दुहेरी बंध घडवणाऱ्या हॉर्नर–विटिग विक्रियेत डायफेनिलफॉस्फीन ऑक्साइड वापरले, की मधल्या टप्प्यावरचे संयुग बहुधा स्फटिकरूपात हाती लागते. त्याचे दोन त्रिमितीय प्रकार आधीच वेगळे करता येतात आणि मग हवा तोच, सिस (गट दुहेरी बंधाच्या एकाच बाजूला) किंवा ट्रान्स (विरुद्ध बाजूंना), अल्कीन म्हणजे दुहेरी बंधाचे संयुग मिळवता येतो. हे काम मोलाचे असले, तरी वॉरेन यांचे नाव जगभर पोचले ते पुस्तकांमुळे.

रेणू कसा बनवायचा हे ठरवताना शेवटापासून मागे यायचे, ही पद्धत अमेरिकी रसायनशास्त्रज्ञ ई. जे. कोरी यांनी १९६०च्या दशकात मांडली. ती पदवीच्या वर्गात शिकवता येईल अशा रूपात आणली वॉरेन यांनी. पॅरासिटामॉलचे उदाहरण घेऊ. त्यातला नायट्रोजन आणि कार्बोनिलचा (ऑक्सिजनशी दुहेरी बंध असलेला) कार्बन यांमधला बंध कागदावर तोडला (हेच ‘डिस्कनेक्शन’), की एका बाजूला पॅरा-अमिनोफिनॉल उरते, दुसरी बाजू ॲसिटिक ॲनहायड्राइडने भागते. अमिनो गट नायट्रो गटापासून मिळतो, आणि नायट्रो गट फिनॉलवर नायट्रिक आम्लाने चढवता येतो. फिनॉल बाजारात मिळते, तेव्हा मागे जाणे तिथे थांबते. नायट्रो गट चढवताना (नायट्रेशनमध्ये) ऑर्थो आणि पॅरा, म्हणजे वलयावर शेजारच्या आणि समोरच्या जागी गट असलेली, संयुगे मिसळून मिळतात, ही अडचण मात्र प्रयोगाच्या टेबलावरच भेटते. मागे जाणे दाखवणारा कागदावरचा बाण ती सांगत नाही.

कार्बोनिल गटावरचे १९७४चे आणि संश्लेषणाच्या आखणीवरचे १९७८चे ही दोन्ही पुस्तके ‘प्रोग्रॅम्ड’ धर्तीची होती: पानाचा खालचा भाग कार्डाने झाकायचा, प्रश्न सोडवायचा, मगच कार्ड खाली सरकवायचे. १९८२चे ‘ऑर्गॅनिक सिंथेसिस : द डिस्कनेक्शन ॲप्रोच’ हे त्यांचे सर्वांत प्रभावी पुस्तक. त्याची सुरुवात एल्म वृक्षाच्या सालीतल्या भुंग्याच्या मल्टिस्ट्रिएटिन या गंधद्रव्याने होते. सुधारित आवृत्ती २००८मध्ये पॉल वायट यांच्यासह निघाली. त्याआधी या दोघांचे ‘स्ट्रॅटेजी अँड कंट्रोल’ आले होते.

क्लेडन, ग्रीव्हज आणि वोदर्स यांच्यासह लिहिलेले दीड हजार पानी ‘ऑर्गॅनिक केमिस्ट्री’ २००१चे. क्लेडन हे वॉरेन यांचेच विद्यार्थी. क्रियाशील गटांची यादी एकामागून एक न देता इलेक्ट्रॉन कुठून कुठे जातात यावर या ग्रंथाने प्रकरणे बेतली. पाठांतरावर वाढलेल्या वाचकाला तो सुरुवातीला पसरट वाटतो. भारतात नेट, गेट देणारी मुले याला नुसते ‘क्लेडन’ म्हणतात, तर ‘वॉरेन’ म्हटले की १९८२चे पुस्तक समजतात.